पांढरा माल

आमच्या घरी समुद्र पोत्यातून यायचा. वरंधा घाट चढून आलेला टेम्पो भोरच्या बाहेर, नीरेच्या अंगाला, आमच्या भट्टीपाशी थांबला की अब्बा सगळ्यात आधी पोत्याला नाक लावायचे. मग आत हात घालून मूठभर शिंपल्या काढायचे, कानाजवळ नेऊन खुळखुळवायचे आणि निकाल द्यायचे, "सुकल्यात, उतरा." नाहीतर, "ओल्या हायत, मांस हाय आत. परत न्या." माझे वडील चुना भाजायचे. तंबाखूला लागणारा, पानाला लागणारा आणि सणाच्या आधी भिंतींना लागणारा. भल्या सकाळी नमाज आटोपून ते गोल विटांच्या भट्टीत कोळशाचा एक थर, शिंपल्यांचा एक थर असं रचत जायचे आणि दिवसभर ती धगधगत राहायची. दुसऱ्या दिवशी भाजलेल्या शिंपल्यांवर पाणी शिंपडलं की जो आवाज व्हायचा, तो मला अजून जसाच्या तसा ऐकू येतो. आधी काहीच नाही, मग बारीक चरचर, मग एकदम फस्स करून वाफेचा लोट, आणि एवढ्या टणक शिंपल्यांचं बघता बघता पीठ. त्या वेळी आई आम्हा भावंडांना दंडाला धरून मागं ओढायची. "डोळं जातील, आंधळ्या पोरी कोन करनार हाय?" आम्ही दोघी बहिणी होतो आणि आईची सगळी काळजी शेवटी त्याच एका प्रश्नावर येऊन थांबायची.

आमच्या घरात बापाला अब्बा आणि आईला आईच म्हणत. चुलीवर रोज नाचणीची नाहीतर तांदळाची भाकरी, सोबत सुकटाची चटणी, कारण शिंपल्यांच्या टेम्पोतून एखादं सुकटाचं गाठोडं हमखास यायचं. थंडीत भट्टीच्या कडेच्या राखेत रताळी भाजायची. बाहेरून कोळसा झालेलं रताळं सोलून खाताना बोटं पोळायची आणि अब्बा म्हणायचे, "फुंक मार. आमच्या चुन्यापरीस थंडच हाय ते." आठवड्यातले दोन दिवस ते एसटीने बाजार करायचे, एकदा वेल्ह्याला, एकदा विंझरला. तिथले शेतकरी चुना नखावर घेऊन जिभेला लावायचे, डोळे मिटायचे आणि अब्बा परीक्षेला बसल्यासारखे त्यांच्या तोंडाकडे बघत राहायचे.

माझं काम शिंपल्या निवडायचं. खडे, लाकडाचे तुकडे, दोऱ्या बाजूला काढायच्या. माझ्या जोडीला सखाराममामा असायचे. ते घाटाकडच्या हिर्डोशी गावचे. भात झोडून झालं, नाचणी घरात आली की ते आमच्या भट्टीवर यायचे ते पुढच्या पेरणीपर्यंत. गाडी चुकली की चालत यायचे, आणि गाडी बहुधा चुकायचीच. मी प्रत्येक शिंपलीला नाव ठेवत असे: ही कंगवा, ही टोपी, ही मामांचा दात. मामा रागवायचे नाहीत. "ठेव नावं. उद्या जळनाराला नाव असल्यालं बरं." त्या पोत्यांमध्ये कधीमधी पांढऱ्या सच्छिद्र दगडाचे तुकडे सापडायचे. त्यांच्यावर बारीक चांदण्या कोरल्यासारखी नक्षी असायची. मी ते लपवून ठेवायचे आणि आई ते शोधून भट्टीत टाकायची. हे प्रवाळ, हे समजायला मला बारावी पास व्हावं लागलं. त्याआधी मला पोवळं म्हणजे मंगळासाठी लोक बोटात घालतात तो लाल खडा एवढंच ठाऊक होतं.

आणि समुद्र? समुद्र आमच्यापैकी कुणीच पाहिला नव्हता. अब्बांनी सगळा जन्म समुद्र भाजण्यात घालवला. पण घाट उतरून पलीकडे जायचं त्यांना कधी सुचलं नाही. "माल येतोय की हितं. तिकडं जाऊन काय बगायचं, पानी?"

मी प्राणिशास्त्र घेतलं तेव्हा गावात बातमी पसरली की चुनेवाल्यांची रुकू जनावरांची डॉक्टर होणार. मी पुण्याहून पहिल्यांदा सुट्टीला आले तर दारात म्हैस. सखाराममामा तिला हिर्डोशीहून थेट चालवत घेऊन आले होते. "दूद देत न्हाई, बग जरा." मी त्यांना समजावलं की मी ते शिकत नाही, मी बिनकण्याच्या प्राण्यांचा अभ्यास करते. मामांनी म्हशीच्या पाठीवरून हात फिरवला, कणा चांगला मोठा आहे याची खात्री करून घेतली आणि हताशपणे म्हणाले, "मंजी हिच्या काय कामाची न्हाईस तू." पुढे कितीतरी वर्षं, कितीतरी मोठमोठ्या सभांत माझ्या अभ्यासाचा उपयोग काय असं मला विचारलं गेलं, पण त्या म्हशीइतक्या थंड नजरेनं माझ्याकडे कुणी पाहिलं नाही.

एम.एस्सी.च्या शेवटच्या वर्षी आमच्या बाईंनी आम्हा चौघांना मालवणच्या बाजूला नेलं. पोहायला मी नीरेच्या डोहात शिकले होते, त्यामुळे पाण्याची भीती नव्हती. पोहण्याचा चष्मा लावून मी पहिल्यांदा डोकं पाण्यात घातलं आणि खाली तेच दगड होते, चांदण्यांचे. फरक एवढाच की ते जिवंत होते. प्रत्येक चांदणीत एक चिमुकला जीव, सगळे एकमेकांना चिकटून बसलेले, आपापल्या खोलीत. मी पाण्यातच ओरडले आणि खारं पाणी गिळलं. बाई म्हणाल्या, "रुकसाना, आश्चर्य तोंड मिटून करायचं." तीन आठवडे आम्ही तारेची चौकट खडकावर ठेवून तिच्या आत किती जिवंत, किती मेलेलं, हे मोजत होतो. दोन-तीन ठिकाणी मोठमोठ्या खोबणी पडलेल्या दिसल्या, पहारीने उचकटल्यासारखी. बाईंनी त्यांची मापं घ्यायला लावली. मी वहीत लिहून घेतलं आणि विसरले. वहीत लिहिलं की काम झालं असं वाटण्याचं ते वय होतं.

मे महिन्यात मी घरी आले. अंगणात शिरले तर अब्बांनी पिशवीसुद्धा खाली ठेवू दिली नाही. हाताला धरून रांजणापाशी नेलं. "बग. ह्या वक्ताचा चुना बग. दुदावानी." खरोखरच इतका पांढरा चुना मी आमच्याकडे कधी पाहिला नव्हता. "नवा माल गावलाय. बाबलशेट आनतो. पांडरा माल म्हनत्यात त्याला." बाबलशेट हा खालचा, कोकणातला व्यापारी, गेल्या वर्षापासून शिंपल्या तोच पाठवत होता. अब्बांनी भट्टीमागे बोट दाखवलं. तिथे प्रवाळाचा ढीग होता. मूठभर तुकडे नव्हेत, ढीग. माझ्या छातीपर्यंत येणारा.

त्यानंतर मी जे केलं ते आठवून आज मला हसू येतं; तेव्हा मात्र मी रडत होते. मी त्या ढिगावर चढून बसले. मराठीत सुरुवात केली, रागाच्या भरात इंग्रजीवर गेले, 'इकोसिस्टीम' हा शब्द चार वेळा वापरला. कायद्यानं बंदी आहे म्हणाले. अब्बा खाली उभे, हातात फावडं, तोंड उघडं. सखाराममामा आईला विचारत होते, "ही कंची शिस्टीम म्हंती?" आई दारातून म्हणाली, "उनातनं आलीया, डोक्यात गेलंय. आदी जेवाया बोलवा तिला."

"उतर खाली," अब्बा म्हणाले, "टोचंल."

"न्हाई उतरणार. हे जिवंत असतं अब्बा. तुम्ही जीव भाजताय."

"जित्तं? पोरी, हे दगाड हाय. तू बसलीस त्याच्यावर. जित्तं असतं तर हाललं न्हाई का?"

बंदीचं ऐकून मामा म्हणाले, "आमच्या हितं जंगलात बी बंदीच हाय. फारेस्टवाल्याला दिसलं तरच." आणि दोघं चक्क हसले. मला वाटलं, माझं शिक्षण, माझे तीन आठवडे, माझी वही, सगळं या दोन माणसांसमोर फुकट गेलं. पण मी चुनेवाल्याची पोर होते आणि निवडायचं काम मला येत होतं. मी खाली उतरले आणि ढीग निवडायला बसले. लाटांनी घासून गोल झालेले, वाळूत पडून पिवळट पडलेले तुकडे एका बाजूला. ज्यांची नक्षी तीक्ष्ण होती, तुटलेली कड ताजी होती, ते दुसऱ्या बाजूला. मामांना राहवेना, ते माझ्याशेजारी येऊन बसले. "ह्यो कुठं टाकू?" तासाभरात दोन ढीग झाले. गोल तुकड्यांचा ढीग टोपलीभर. बाकी सगळं दुसरीकडे.

मग मी एक घमेल्याएवढा गोळा उचलून अब्बांच्या नाकाशी धरला. त्यांना वास घ्यायला सांगावं लागलं नाही. जन्मभराची सवय. त्यांनी श्वास ओढला आणि चेहरा बदलला. सडक्या मांसाचा वास होता. एका भोकात इवलासा खेकडा वाळून चिकटला होता.

"ह्याच्यात मांस हाय," ते हळूच म्हणाले.

"आतून नाही अब्बा, वरून. सगळ्यावरून पातळ थर असतो. तोच जीव. त्यानंच हा दगड बांधलेला असतो."

"हे येवडं बांदाया किती दिस?"

"दिवस नाहीत, वर्षं. वर्षाला नखाएवढं वाढतं. हा गोळा माझ्यापेक्षा मोठा आहे वयानं."

अब्बांनी तो गोळा माझ्या हातातून घेतला, उलटापालटा करून बघितला. मग सखाराममामांकडे वळून म्हणाले, "सखाराम, थोरलं पोरगं हाय हे आमचं. म्या वळखलंच न्हाई." मामा हसले, मीही रडता रडता हसले. अब्बा हसले नाहीत. त्यांनी गोळा जमिनीवर ठेवला, फेकला नाही, आणि हात धुवायला गेले. त्या दिवशी ते जेवले कमी. आईने मला डोळ्याने दटावलं.

दुसऱ्या आठवड्यात बाबलशेट स्वतः टेम्पोसोबत आला. मला वाटलं, आता भांडण. मी माझी भाषणं तयार ठेवली होती, या वेळी मराठीत. पण अब्बांनी त्याला खाटेवर बसवलं, चहा मागवला, मामांनी डोंगरातून आणलेली करवंदं पुढे केली. "माल झकास हाय शेट. येवडा कुठनं गावतो?" बाबलशेट करवंदाच्या बिया थुंकत खुलला. पाण्यात उतरणारी माणसं आहेत, चार-पाच घरं आहेत, ओहोटीला पहारी घेऊन जातात, असं सांगून त्याने गावाचं नावही टाकलं. "माका फकस्त उचलूचा काम." अब्बांनी मान डोलावली, चहा संपू दिला आणि मग म्हणाले, "हा टेम्पो परत न्या. आमाला हा माल नगं."

बाबलशेटला आधी थट्टा वाटली. मग तो रागावला, मग समजूत घालू लागला, मग माझ्याकडे बघून म्हणाला, "शिकलेली चेडवां घरात आली की धंदे बुडतत." अब्बा म्हणाले, "बुडू द्या. आमाला मांस भाजायचं न्हाई. शिंपल्या आना, सुक्या. त्या घेतो." टेम्पो तसाच भरलेला महामार्गाच्या दिशेने गेला. तो माल पुढे कुणाच्या भट्टीत उतरला मला माहीत नाही, आणि हे मी लिहून ठेवते आहे, कारण त्या दिवशी आम्ही समुद्र वाचवला असं माझी बहीण अजूनही लग्नकार्यात सांगत असते. अंगणातले तीक्ष्ण तुकडे अब्बांनी भाजले नाहीत. कित्येक वर्षं कोंबड्या त्यांच्यावर बसायच्या. गोल तुकड्यांची टोपली मात्र भट्टीत गेली. "मेल्यालं मेलंय," ते म्हणाले.

त्या रात्री नाही, दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांनी विचारलं, "त्या गावाला जायाला गाडी कंची?"

अब्बा आणि समुद्र! आईने भाकऱ्या बांधल्या, त्यात सुकटाची चटणी. मी म्हटलं, आई, आम्ही कोकणात चाललोय, तिथे मासळीचा दुष्काळ नाही. ती म्हणाली, "तितल्या मासळीचा काय भरवसा?" घाट उतरताना अब्बांना वळणांनी मळमळलं आणि प्रत्येक वळणावर ते टेम्पोवाल्यांचं कौतुक करत राहिले. त्या गावाचं नाव मी इथे देत नाही. तिथले लोक आता माझे सोयरे झाले आहेत आणि तेव्हा ते फक्त पोट भरत होते. समुद्र समोर आला तेव्हा अब्बा पुळणीवर बराच वेळ उभे राहिले. मी मागे थांबले होते, त्यांचे डोळे भरून आले असतील म्हणून. जवळ गेले तर ते वाकून शिंपल्या बघत होते. "सुक्या हायत," ते म्हणाले. "आन् कोन उचलत बी न्हाई!"

एका म्हाताऱ्या मच्छीमाराने आम्हाला होडीतून खडकांवर नेलं. तळाला काच बसवलेला डबा पाण्यात धरून अब्बांनी खाली पाहिलं. मी श्वास रोखून वाट बघत होते. आमच्या किनाऱ्यावरची प्रवाळं चित्रातल्यासारखी लालनिळी नसतात, तपकिरी असतात, हे मी त्यांना सांगायला विसरले होते.

"हे?" अब्बा म्हणाले. "ह्या तर गवऱ्या हायत."

"अब्बा, नीट बघा."

"नीटच बगतोय. शेनाच्या गवऱ्या थापल्यात कुनीतरी." होडीवाला खो खो हसला. मी रुसून बसले. पण अब्बांनी डबा वर काढला नाही. मग म्हणाले, "मासं लई हायत पन." थोड्या वेळाने, "गवरीच्या आत शिरतंय एक. पिवळं हाय." मग नुसती त्यांची पाठ आणि पाण्याची चुबुक चुबुक. होडी सरकली आणि उचकटलेली जागा आली, तेव्हा मी काही बोलायच्या आतच ते म्हणाले, "हितं कायबी न्हाई. एक मासा न्हाई."

संध्याकाळच्या आधी, ओहोटीवरून परतलेली पहारवाली माणसं पुळणीवर भेटली. मी पुढे झाले. पुस्तकातलं होतं नव्हतं ते सगळं सांगितलं, माशांची पिल्लं इथे वाढतात, हे तुटलं तर तुमचीच जाळी रिकामी येतील. सगळं खरं होतं. त्यांनी शांतपणे ऐकलं, जसं शाळेतल्या समारंभात पाहुण्यांचं ऐकतात. एकाने विचारलं, "बाई, तुमी सरकारच्या काय?"

तेव्हा अब्बा पुढे आले. त्यांनी दोन्ही हात त्यांच्यासमोर पसरले. चुन्याने खाल्लेली, भेगाळलेली, नखं झिजलेली बोटं. "हे बगा. म्या चुना भाजनारा. तीस वर्सं झाली. बाबलशेट तुमचा माल माज्याकडंच आनत हुता." सगळे जवळ सरकले. "वाईट वाटून घिऊ नगा, पन हा माल चुन्याला वंगाळ. तोंड सोलतो. गिऱ्हाईकं शिव्या देत्यात. भट्टीच्या इटा खाल्ल्या त्यानं, त्या येगळ्या. आता घाटावर कोनबी घेनार न्हाई हा माल."

मी थक्क होऊन बघत राहिले. दुधासारखा चुना मी माझ्या डोळ्यांनी पाहिला होता.

"खरां काय?" त्यांच्यातला एक म्हणाला. "बाबल तर काय बोलूक नाय."

"तो कशाला बोलंल? त्याला निस्तं उचलायचं. तुमी शिंपल्या गोळा करा की. सगळी पुळन भरलीया. सुक्या पाटवा, म्या घेतो."

त्या माणसांनी अब्बांचे हात पुन्हा एकदा पाहिले, एकमेकांकडे पाहिलं, आणि माझ्याकडे कुणी पाहिलंच नाही. त्यातल्या सर्वांत थोरल्याने पहार वाळूत आडवी टाकली आणि शिंपल्यांबद्दल विचारायला सुरुवात केली: केवढ्या हव्यात, धुऊन की तशाच, पोती कुणाची.

परतीच्या एसटीत मला खिडकी मिळाली होती, ती मी अब्बांना दिली. त्यांना मळमळत होतं. मी शेवटी म्हटलं, "अब्बा, तुम्ही साफ खोटं बोललात."

"व्हय."

"आणि मी सगळं खरं सांगितलं, ते कुणी ऐकलं नाही."

"तुजं खरं नवं हाय अजून. कुनाच्या वळखीचं न्हाई." त्यांनी लिंबू नाकाशी धरलं. घाट सुरू झाला होता. "माजं खोटं दोन-चार वर्सं टिकंल. मग कुनीतरी भट्टीवाला तिकडं जाईल, त्यांना कळंल. तवर तू तयारी कर."

मला तयार व्हायला त्यांच्या अंदाजापेक्षा बरीच जास्त वर्षं लागली. पीएच.डी. लांबली, मग नोकरी मिळेना, मग मिळाली ती तिसऱ्याच समुद्रावर. शेवटी त्या गावात राहायला गेले, तिथल्या माणसांसोबत बसून ते खडक राखायचे नियम लिहायला घेतले, तेव्हा वाळूत पहार टाकणारा तो थोरला मच्छीमार पार वाकला होता. मला त्याने ओळखलं नाही. नियमांचा कागद वाचून दाखवला तसा तो म्हणाला, "ह्या सगळां ठीक हा, पण बाई, ता काढून करतलो काय? त्याच्या चुन्यान तोंड सोलता."

मी मान डोलावली आणि कागदावर त्याचा अंगठा घेतला.